आयातीचा खर्च: साडेपंचवीस टक्के का पुरत नाहीत

भोसरी आणि चाकण परिसरातील लहान कारखान्यांना आयातीच्या खर्चाचे आगाऊ हिशेब करून देणे हा माझ्या कामाचा एक भाग आहे. परदेशी पुरवठादाराचा प्रोफॉर्मा इनव्हॉइस हातात पडला की मालकांचा पहिला प्रश्न ठरलेला असतो: "मॅडम, ड्यूटी किती बसेल?" बहुतेक वेळा उत्तरही त्यांनी मनाशी काढून ठेवलेले असते. मूळ सीमाशुल्क साडेसात टक्के, जीएसटी अठरा टक्के, म्हणजे एकूण साडेपंचवीस. इनव्हॉइसच्या रकमेवर तेवढे टक्के काढायचे, बँकेचा आजचा भाव धरायचा आणि पुढच्या ग्राहकाला किंमत कळवून मोकळे व्हायचे. यातले दोन्ही दर यंत्रांच्या बऱ्याच सुट्या भागांसाठी बरोबर असतात. तरीही अंदाज फसतो, कारण दर कोणत्या रकमेवर लागतो याकडे दुर्लक्ष झालेले असते, आणि भरलेल्या पैशांपैकी किती परत मिळणार आहेत हेही कोणी वेगळे मांडलेले नसते.

एक उदाहरण शेवटपर्यंत सोडवून दाखवते. इटलीहून एका मशीनिंग सेंटरचा स्पिंडल, म्हणजे यंत्राचा फिरणारा मुख्य दांडा, विमानाने मागवायचा आहे. पुरवठादाराची किंमत ४,००० युरो असून ती एक्स-वर्क्स आहे, म्हणजे त्याच्या कारखान्याच्या दारातली. तिथून विमानतळापर्यंतची वाहतूक आणि तिकडची निर्यातीची कागदपत्रे यांचे २०० युरो धरले तर एफओबी किंमत, म्हणजे माल तिकडे विमानात चढेपर्यंतची किंमत, ४,२०० युरो होते. विमानभाडे फॉरवर्डरने, म्हणजे मालवाहतुकीची व्यवस्था करणाऱ्याने, १,१०० युरो सांगितले आहे. सीमाशुल्काची आकारणी माल, भाडे आणि विमा या तिघांच्या बेरजेवर होते. मात्र हवाई मालाच्या बाबतीत २००७ च्या मूल्यांकन नियमांत एक सवलत आहे: भाडे प्रत्यक्षात कितीही लागले, तरी आकारणीसाठी ते एफओबी किमतीच्या २० टक्क्यांहून अधिक धरले जात नाही. त्यामुळे १,१०० ऐवजी येथे ८४० युरोच मोजले जातील. विम्याची नेमकी रक्कम उपलब्ध नसेल, तर एफओबीच्या १.१२५ टक्के धरतात, म्हणजे ४७.२५ युरो. आकारणीचे मूल्य झाले ५,०८७.२५ युरो. हिशेब सोपा व्हावा म्हणून एक युरो शंभर रुपयांना धरू. म्हणजे ५,०८,७२५ रुपये.

यावर मूळ सीमाशुल्क ७.५ टक्क्यांनी ३८,१५४ रुपये. त्या शुल्कावर, मालाच्या किमतीवर नव्हे, १० टक्के समाजकल्याण अधिभार. तो ३,८१५ रुपये. आता मूल्य, शुल्क आणि अधिभार यांची बेरीज ५,५०,६९४ रुपये होते आणि १८ टक्के आयजीएसटी (आयातीवर जीएसटी या रूपात बसतो) या बेरजेवर लागतो, म्हणून तो ९९,१२५ रुपये येतो. एकूण भरणा १,४१,०९५ रुपयांच्या आसपास जातो. आकारणी मूल्याशी याचे प्रमाण २७.७३५ टक्के पडते, आणि यंत्रसामग्रीच्या आयातीत वावरणाऱ्या कोणत्याही सीएचएला, म्हणजे माल सोडवून देणाऱ्या कस्टम्स एजंटला, हा आकडा तोंडपाठ असतो. साडेपंचवीसच्या हिशेबाने ४,००० युरोंवर १,०२,००० रुपये आले असते. म्हणजे भरण्याच्या दिवशी सुमारे ३९,००० रुपये कमी पडतात.

पण या गोष्टीची दुसरी बाजू अधिक महत्त्वाची आहे आणि तिच्याकडे कमी लक्ष जाते. कारखाना जीएसटीमध्ये नोंदणीकृत असेल आणि माल धंद्यासाठीच असेल, तर ९९,१२५ रुपयांचा आयजीएसटी इनपुट क्रेडिट म्हणून मिळतो, म्हणजे पुढच्या विक्रीवरच्या जीएसटीतून वळता होतो. खर्च म्हणून अंगावर राहते ती शुल्क आणि अधिभार यांची रक्कम, सुमारे ४१,९७० रुपये. म्हणजे साडेपंचवीस टक्क्यांच्या त्याच एका आकड्याने दोन चुका एकदम केल्या: खिशातून जाणारी रोकड जवळजवळ ३९,००० रुपयांनी कमी दाखवली आणि मालाची खरी किंमत ६०,००० रुपयांनी वाढवून दाखवली. पहिल्या चुकीने माल विमानतळावर अडकतो, दुसऱ्या चुकीने ग्राहकाला दिलेला भाव महाग ठरून ऑर्डर हातची जाते. यासाठी मी प्रत्येक अंदाजात दोन रकाने ठेवते, एक रोकडीचा आणि एक खर्चाचा. कोणी कितीही आग्रह केला तरी दोन्ही मिळून एकच टक्का मी सांगत नाही.

बऱ्याच कार्यालयांत या कामासाठी जुनी एक्सेलची शीट फिरत असते; एकाने बनवलेली, दुसऱ्याने उतरवून घेतलेली आणि तिसऱ्याने कधीच न तपासलेली. तिच्यात "लँडिंग १ टक्का" अशी एक ओळ हमखास सापडते. सप्टेंबर २०१७ मध्ये नियम बदलला आणि आकारणी मूल्यात एक टक्का लँडिंग चार्जेस मिळवण्याची पद्धत बंद झाली. काही शीटमध्ये शैक्षणिक उपकराची ओळही टिकून आहे; आयात मालावरचा तो उपकर २०१८ च्या अर्थसंकल्पात जाऊन त्याच्या जागी समाजकल्याण अधिभार आला. जीएसटी येण्यापूर्वीचे चार टक्क्यांचे विशेष अतिरिक्त शुल्क तर एका शीटमध्ये शून्य टाकून जपून ठेवलेले पाहिले आहे, का ते विचारण्याचे धाडस झाले नाही.

आता वर्गीकरणाविषयी. पुरवठादार इनव्हॉइसवर एचएस कोड, म्हणजे मालाच्या वर्गीकरणाचा क्रमांक, लिहितो आणि आपले लोक तो जसाच्या तसा उचलतात. त्यातले पहिले सहा अंक जगभर समान असतात. त्यापुढचे अंक प्रत्येक देश आपापल्या सोयीने ठरवतो. युरोपातल्या आठ अंकी कोडचे शेवटचे दोन अंक भारतीय सीमाशुल्क दरपत्रकात वेगळ्याच वस्तूचे असू शकतात, किंवा ते तिथे नसतातच. त्याहून मोठा गोंधळ सुट्या भागांच्या बाबतीत होतो. "मशीनचा पार्ट आहे, मशीनच्या पार्टच्या शीर्षकात टाका" हे ऐकायला बरोबर वाटते. पण दरपत्रकाच्या सोळाव्या विभागाच्या टिपांनुसार, जो भाग स्वतःच ८४ किंवा ८५ या प्रकरणांतील एखादी स्वतंत्र वस्तू असतो, तो आपल्या स्वतःच्या शीर्षकात, म्हणजे चार अंकी गटात, जातो. म्हणून स्पिंडल ८४६६ मध्ये गेला, तरी त्याच खोक्यातले बेअरिंग ८४८२ मध्ये, बॉल स्क्रू ८४८३ मध्ये आणि कंट्रोल पॅनल ८५३७ मध्ये जाते. रबरी ओ-रिंग तर त्या विभागातच बसत नाही, ती रबराच्या ४० व्या प्रकरणात जाते. एकाच खोक्यात दहा वस्तू असतील तर दहा ओळींचा हिशेब करावा लागतो, आणि त्यासाठी पुरवठादाराकडून प्रत्येक वस्तूची वेगळी किंमत लिहून घ्यावी लागते. "स्पेअर्स किट, एक नग" असे लिहिलेल्या इनव्हॉइसवर विश्वासार्ह अंदाज देता येत नाही, आणि तसा तो देऊही नये.

ज्या वस्तूच्या वर्गीकरणावर खरोखर मोठी रक्कम अवलंबून आहे आणि जी वारंवार मागवायची आहे, तिच्यासाठी सीमाशुल्काच्या अग्रिम निर्णय प्राधिकरणाकडे, म्हणजे मुंबई किंवा दिल्लीच्या पीठाकडे, अर्ज करण्याची सोय आहे. एखाद्या स्पिंडलसाठी तिथे कोणी जाणार नाही. दर महिन्याला कंटेनर आणणाऱ्याने मात्र या सोयीचा विचार करावा.

समुद्रमार्गे येणाऱ्या मालाचा हिशेब वेगळ्या ठिकाणी बिघडतो. पुण्याचा बहुतेक माल न्हावा-शेव्याला उतरतो. तिथेच सोडवून घ्यायचा, की सीलबंद कंटेनर दिघी किंवा तळेगावच्या आयसीडीत, म्हणजे बंदरापासून दूरच्या कस्टम्स डेपोत, आणून इथे सोडवायचा, हा निर्णय आधी घ्यावा लागतो. बंदरातून आयसीडीपर्यंतच्या वाहतुकीचा खर्च आकारणी मूल्यात धरायचा नसतो. त्यावर शुल्क लागत नाही. हे माहीत नसल्याने काही जण तो भाड्यात मिळवून स्वतःच्याच अंदाजावर शुल्क चढवून ठेवतात. हवाई मालाची २० टक्क्यांची मर्यादा मात्र समुद्राला लागू नाही. तिथे भाडे प्रत्यक्ष असेल तेवढे धरले जाते.

खरी मेख कंटेनर भरण्याइतका माल नसला की असते. तेव्हा दुसऱ्यांच्या मालाबरोबर आपली दोन-तीन खोकी येतात, ज्याला सगळे एलसीएल म्हणतात. चीनहून येणाऱ्या एलसीएलचे भाडे कधी कधी इतके कमी सांगितले जाते की वाचणाऱ्याला डोळ्यांवर विश्वास बसत नाही. काही वेळा ते जवळजवळ शून्य असते. मालक खूश होतात. माल न्हावा-शेव्याच्या सीएफएसमध्ये, म्हणजे बंदराजवळच्या गोदामात, पोहोचला की डिलिव्हरी ऑर्डर (डीओ), म्हणजे माल ताब्यात देण्याचे पत्र, घ्यावी लागते आणि ती देणारा फॉरवर्डर हा पुरवठादाराने निवडलेल्या परदेशी फॉरवर्डरचा इथला प्रतिनिधी असतो. त्याचे बिल पाहिले म्हणजे स्वस्त भाड्याचे कोडे सुटते. डीओ चार्जेस, कन्सोल चार्जेस, डी-स्टफिंग, डॉक्युमेंटेशन, टर्मिनल हँडलिंग, आणि कशाचे ते विचारूनही समजत नाही असे एखादे शुल्क. बहुतेक ओळी घनमीटरवर किंवा दर बिलावर, आणि त्या सगळ्यांवर १८ टक्के जीएसटी. घासाघीस करायला जागा नसते, कारण माल त्याच्या ताब्यात असतो आणि सीएफएसचे भाडे रोज वाढत असते. यावर माझा उपाय साधा आहे: ऑर्डर देण्यापूर्वीच पुरवठादाराकडून इथल्या प्रतिनिधीचे नाव मागवावे, त्याच्याकडून न्हावा-शेव्याच्या सर्व खर्चांचे दरपत्रक ई-मेलवर घ्यावे आणि ते मिळेपर्यंत भाड्याचा आकडा अपुरा समजावा. त्यापेक्षाही चांगले म्हणजे एफओबी भावाने घेऊन फॉरवर्डर आपण निवडावा. भाडे थोडे जास्त दिसते, पण ते खरे असते.

हवाई मालात असाच घोळ वजनाचा होतो. १२० बाय ४० बाय ४० सेंटीमीटरच्या लाकडी खोक्यात अठरा किलोचा स्पिंडल असेल, तरी विमान कंपन्या आकारमानाला ६,००० ने भागून ३२ किलो धरतात आणि कुरिअरवाले ५,००० ने भागून ३८.४ किलो. म्हणून किंमत विचारताना वजनाबरोबर खोक्याची मापेही विचारावीत.

तारखांचा परिणामही अंदाजात लिहावा लागतो. आकारणीसाठी विनिमय दर सरकारने जाहीर केलेला लागतो, बँकेचा नाही, आणि तो बिल ऑफ एंट्री, म्हणजे आयात मालाचे सीमाशुल्काला द्यायचे विवरणपत्र, दाखल झाल्याच्या तारखेचा असतो. पूर्वी हा दर पंधरवड्याने अधिसूचनेतून येत असे. जुलै २०२४ पासून तो सीमाशुल्काच्या आइसगेट या पोर्टलवर प्रसिद्ध होतो. पुरवठादाराला पैसे पाठवताना मात्र बँकेचा विक्रीदर लागतो, तो अर्थातच चढा असतो. मी दोन्हींसाठी वेगळे दर धरते आणि कोणत्या तारखेचे दर धरले ते खाली लिहिते. बिल ऑफ एंट्री माल पोहोचण्याच्या आदल्या दिवसापर्यंत दाखल व्हायला हवे. उशीर झाला तर पहिले तीन दिवस रोज ५,००० रुपये आणि पुढे रोज १०,००० रुपये विलंबशुल्क लागू शकते. शुल्क वेळेत भरले नाही तर वर्षाला १५ टक्क्यांनी व्याज. दोन लाखांच्या मालाला चार दिवसांचा उशीर झाला तर विलंबशुल्क मूळ सीमाशुल्कालाही मागे टाकते. आणि हा उशीर बहुधा कस्टम्समुळे होत नाही. मूळ इनव्हॉइसवर सही नसते, किंवा पॅकिंग लिस्टमधली नगांची संख्या जुळत नाही, एवढेच कारण असते.

वॉरंटीत बदलून येणाऱ्या भागाविषयी दरवेळी वाद होतो. पुरवठादाराने भाग फुकट पाठवला, इनव्हॉइसवर "विनामूल्य, फक्त कस्टम्ससाठी किंमत" असे लिहिले, म्हणजे ड्यूटी लागणार नाही अशी समजूत असते. कायदा मालाचे मूल्य पाहतो, पैसे दिले की नाही हे पाहत नाही. फुकट आलेल्या स्पिंडलवरही वरचा सगळा हिशेब तसाच लागतो. काही पुरवठादार मदत म्हणून दहा युरो किंमत लिहितात, आणि ती मदत महागात पडते, कारण तोच भाग आधी ४,००० युरोंना आलेला असल्याची नोंद सीमाशुल्काच्या संगणकात असते. मग मूल्य फेटाळले जाते, खुलासे मागितले जातात आणि तोवर गोदामाचे भाडे चढत राहते. नादुरुस्त भाग परत पाठवण्याच्या आणि बदली भाग आणण्याच्या तरतुदी आहेत. पण त्यांचा लाभ घ्यायचा तर जुना भाग बाहेर जातानाची कागदपत्रे नीट असावी लागतात. ती तेव्हा केलेली नसतील, तर बदली भागावर पूर्ण शुल्क धरूनच अंदाज द्यावा.

व्यापार करारांचा लाभ मिळत असेल तर आकडे बरेच खाली येतात. जपानशी २०११ पासून, संयुक्त अरब अमिरातीशी मे २०२२ पासून आणि स्वित्झर्लंड ज्यात आहे त्या एफ्टा गटाशी १ ऑक्टोबर २०२५ पासून करार लागू आहेत. मूळ सीमाशुल्क शून्य झाले की अधिभारही शून्य होतो आणि आपल्या उदाहरणासारख्या वस्तूवर २७.७३५ ऐवजी फक्त १८ टक्के आयजीएसटी उरतो, जो नोंदणीकृत कारखान्याला क्रेडिट मिळतो. मात्र इनव्हॉइस स्विस कंपनीचा असणे पुरेसे नाही. वस्तू करारातील नियमांनुसार तिथली असायला हवी. २०२० च्या मूळस्थानाविषयीच्या कॅरोटार नियमांनी ही माहिती बाळगण्याची जबाबदारी आयातदारावर टाकली आहे. मूळस्थानाचा दाखला हातात येण्यापूर्वी मी सवलतीचा आकडा खर्चाच्या रकान्यात घेत नाही. शेजारी टीप म्हणून लिहिते. चीनमधून येणाऱ्या काही मालावर याच्या उलट अँटी-डम्पिंग ड्यूटी, म्हणजे अवाजवी स्वस्त मालाविरुद्धचे जादा शुल्क, असते आणि ती पुष्कळदा किलोमागे किंवा नगामागे डॉलरमध्ये ठरलेली असते. टक्केवारीच्या शीटमध्ये तिला रकानाच नसल्याने ती निसटते, आणि आयजीएसटी तिच्यावरही चढतो.

कारखान्याबाहेरचा प्रश्न कोथरूड-औंधच्या घरांतून येतो. मुलगा किंवा मुलगी अमेरिकेत आहे, त्यांनी कुरिअरने काही पाठवले आहे आणि "भेट आहे हो, त्यावर कसला कर?" असे विचारले जाते. पाच हजार रुपयांपर्यंतच्या भेटींना पूर्वी सूट होती, हे ज्येष्ठांच्या पक्के लक्षात असते. डिसेंबर २०१९ पासून टपालाने किंवा कुरिअरने भेट म्हणून माल सोडवण्यावर बंदी आली; अपवाद राहिला तो जीवरक्षक औषधांचा आणि राखीचा. राखीबरोबर पाठवलेल्या वस्तूंना तो लागू नाही. पूर्ण शुल्क भरून भेट आणता येते. शुल्काची रक्कम १०० रुपये किंवा त्याहून कमी असेल तर ती वसूल करत नाहीत, आणि राखी याच तरतुदीतून सुटते. वैयक्तिक वापराच्या वस्तूंसाठी दरपत्रकात ९८०४ हे वेगळे शीर्षक आहे आणि त्याचा दर अर्थसंकल्पांमध्ये बदलत आला आहे, त्यामुळे शेजाऱ्यांनी मागच्या दिवाळीत किती भरले यावर विसंबू नये. लहान पार्सलमध्ये शुल्काइतकेच लक्ष कुरिअरच्या स्वतःच्या आकाराकडे द्यावे. तुमच्या वतीने शुल्क आगाऊ भरल्याबद्दल ते ठरावीक किमान रक्कम घेतात, तिच्यावर जीएसटी लावतात, आणि दोन हजारांच्या वस्तूवर हे मिळून मूळ शुल्काच्या जवळपास जाऊ शकते. फोनवरून "कस्टम्समध्ये पार्सल अडकले आहे" असे सांगून कोणाच्या खासगी खात्यात पैसे मागितले गेले, तर तो अंदाजाचा विषय नाही, पोलिसांचा आहे.

कुरिअरने धंद्याचा माल मागवणाऱ्यांना आणखी एक सांगायला हवे. घाईच्या सुट्या भागासाठी कुरिअर सोयीचे असते, पण पार्सलवर मालकाचे वैयक्तिक नाव असेल तर ते वैयक्तिक केवायसीवर सुटते आणि बिल ऑफ एंट्रीवर कंपनीचा जीएसटीआयएन (जीएसटी नोंदणी क्रमांक) येत नाही. मग जीएसटीआर-२बीमध्ये, म्हणजे पोर्टलवरच्या क्रेडिटच्या विवरणात, ती नोंद दिसत नाही आणि क्रेडिट घेता येत नाही. आपल्या उदाहरणात ९९,१२५ रुपये रोकडीच्या रकान्याबरोबरच खर्चाच्या रकान्यातही टाकावे लागतील, म्हणजे स्पिंडलची किंमत एका पत्त्यामुळे जवळजवळ एक लाखाने वाढेल. म्हणून माल निघण्यापूर्वीच पुरवठादाराला कंपनीचे पूर्ण नाव, आयईसी (आयात-निर्यात कोड) आणि जीएसटीआयएन इनव्हॉइसवर छापायला सांगावे, आणि तेच कुरिअरच्या क्लिअरन्स विभागाला वेगळ्या ई-मेलने कळवावे.